बैकोनूर : वीस सेकंद अलीकडे थांबलेलं उड्डाण

बैकोनूरला जायचं तर पहिली तयारी कागदांची. गाव कझाकस्तानात आहे, पण तिथे हुकूम चालतो रशियाचा. सोव्हिएत संघ फुटल्यावर हा अंतराळतळ परदेशात राहून गेला, म्हणून रशियाने तो भाडेपट्ट्याने घेतला. वर्षाचं भाडं साडेअकरा कोटी डॉलर आणि करार २०५० पर्यंतचा. कझाकस्तानात भारतीयांना चौदा दिवस व्हिसा लागत नाही, पण बैकोनूरच्या फाटकातून आत जायला तेवढं पुरत नाही. पासपोर्टची माहिती प्रवास कंपनीमार्फत बरेच आठवडे आधी पाठवावी लागते. मग रशियाच्या अंतराळ संस्थेची, म्हणजे रोस्कॉसमॉसची, परवानगी येते. ती येईपर्यंत विमानाची तिकिटं काढू नका असं मला बजावलं होतं आणि मी ते ऐकलं.

माझी सगळी नोकरी वीज मंडळाच्या टेस्टिंग विभागात गेली. दोष ओळखणारे रिले, वीज तोडणारे ब्रेकर, बॅटरी तपासायच्या आणि सगळं ठीक असल्याची सही करायची. नवा ट्रान्सफॉर्मर चार्ज करायच्या दिवशी सबस्टेशनच्या आवारात जी शांतता असते, ती मला फार प्रिय. माणसं बसवून रॉकेट सोडताना ही तपासणी कशी होत असेल, हे एकदा जवळून बघायचं मनात होतं. निवृत्तीनंतर बायकोला विचारलं. तिने समुद्रकिनारा सुचवला, मी वाळवंट सुचवलं, आणि निघालो.

आम्ही गेलो ते सोयुझ एमएस-२५ या रशियन यानाच्या उड्डाणाच्या वेळी, मार्च २०२४ मध्ये. यान आणि त्याला नेणारं रॉकेट, दोघांचंही नाव सोयुझच. आत तिघं बसणार होते. कमांडर ओलेग नोवित्स्की, त्याची ही चौथी खेप. बेलारूसची मारिना वासिलेवस्काया, जी मुळात विमानसेविका आणि तिच्या देशातून अंतराळात जाणारी पहिली स्त्री. आणि नासाची ट्रेसी डायसन, जिने आधी एकदा शटलने आणि एकदा सोयुझनेच अंतराळात जाऊन दाखवलं होतं. उड्डाण ठरलं होतं २१ मार्चला, संध्याकाळी सहा वाजून एकवीस मिनिटांनी. पुढे सव्वातीन तासांत, पृथ्वीला दोन फेऱ्या मारून, थेट आंतरराष्ट्रीय अंतराळ स्थानकाला जोडणी.

दिल्लीहून अल्माटी विमानाने आणि पुढे रेल्वेने. अल्माटीच्या मागे दिसणारा बर्फाचा डोंगर नाहीसा झाला की नुसतं माळरान. झाड नाही, वस्ती नाही, मध्येच उंटांचा कळप. तोरेतम नावाच्या लहानशा स्टेशनावर उतरायचं. पलीकडे सीर दर्या नदीच्या काठाला बैकोनूर शहर, सोव्हिएत काळातलं लेनिन्स्क. तळ तिथून उत्तरेला आणि एवढा पसरलेला, की एका ठाण्याहून दुसऱ्याला जायला बसच लागते. मार्चमध्येही वारा हाडात शिरतो. मी दोन स्वेटर नेले होते, बायकोने तीन नेले होते, आणि शहाणी तीच ठरली.

१८ तारखेला सकाळी रॉकेट बाहेर काढायचं होतं. वेळ सातची. गागारिनचं रॉकेट १९६१ मध्ये सातला बाहेर आलं म्हणून आजही सात. त्या दिवसांत तिथे सूर्य उगवतो तोही साताच्या आगेमागेच. आम्ही रुळांपासून काही अंतरावर उभे होतो. जोडणीच्या इमारतीची दारं उघडली आणि एक डिझेल इंजिन हळूहळू बाहेर आलं. त्यामागे सोयुझ, आडवं झोपलेलं, शेपूट पुढे आणि नाक मागे. रुळांच्या कडेने सुरक्षारक्षक कुत्र्यांना घेऊन चालत होते. गाडीचा वेगही त्यांच्या चालीएवढाच. रॉकेट आमच्या समोरून गेलं तेव्हा मला खालच्या इंजिनांची तोंडं मोजता आली. मधल्या भागाची चार, भोवती बांधलेल्या चार बूस्टरची, म्हणजे जोड-रॉकेटांची, प्रत्येकी चार, मिळून वीस. शिवाय दिशा वळवणारी लहान बारा. ही बत्तीसच्या बत्तीस जमिनीवरच पेटतात. सगळी नीट पेटली आहेत याची खात्री झाल्याशिवाय रॉकेट उचलायचं नाही, हा या यंत्राचा मूळ स्वभाव.

काही लोक रुळावर नाणी ठेवतात आणि चपटी झालेली खिशात घालून नेतात. जाणारे अंतराळवीर मात्र हा सोहळा बघत नाहीत, ते अशुभ मानतात. त्यांच्या जागी राखीव चमू येतो. या वेळी राखीव चमूत नासाचा डॉन पेटिट होता. (तो पुढे सप्टेंबरमध्ये स्वतः गेला आणि २०२५ मध्ये परतला, तो त्याच्या सत्तराव्या वाढदिवशी.)

उड्डाणतळाचा क्रमांक ३१. तिथे पोचल्यावर रॉकेट हायड्रॉलिक जॅकने उभं करतात. मला वाटलं होतं ते एखाद्या ओट्यावर टेकत असेल. तसं नाही. सोयुझ जमिनीवर उभं राहतच नाही. ते कमरेत धरून टांगलेलं असतं. चार पोलादी हात चारी बाजूंनी येऊन त्याला बूस्टरच्या वरच्या टोकांपाशी पकडतात आणि खाली इंजिनं आगीच्या खड्ड्यावर मोकळी लोंबत राहतात. या हातांना कुठलीही मोटर सोडवत नाही. रॉकेट स्वतःच्या जोराने वर सरकलं की त्यांच्यावरचा भार जातो आणि मागच्या वजनांमुळे ते आपोआप उघडतात. सहा दशकांहून जुनी ही योजना बघताना मी किती वेळ तिथे उभा होतो ते मला सांगता येणार नाही. ज्याने ही कल्पना केली त्याला आपल्याकडच्या प्रत्येक इंजिनिअरने नमस्कार करावा.

पेटवण्याची पद्धत तर आणखी साधी. प्रत्येक इंजिनात खालून बर्च लाकडाची, इंग्रजी टी अक्षराच्या आकाराची काठी घालतात. तिच्या टोकाला विजेने पेटणारी दारू आणि तिथून ताणलेली एक पितळी तार. दारू पेटली की तार तुटते, आणि तुटली म्हणजे इंजिनाच्या या ज्वलनकोठीत ज्योत आहे असा संदेश गेला. सगळ्या कोठ्यांतून तो आला तरच केरोसिन आणि द्रव प्राणवायूच्या झडपा उघडायच्या. आमच्या वाटाड्याने हे सांगितलं तेव्हा मी त्याला तेच पुन्हा सांगायला लावलं. दोष असला तरच बोलणारी खूण आणि ठीक असलं तरच बोलणारी खूण, यातला फरक ज्याने आयुष्यभर रिले तपासले त्याला लगेच कळतो.

या ३१ क्रमांकाच्या तळाशी आपलंही नातं आहे, आणि ते कसं जुळलं ते आपल्याकडे फार सांगितलं जात नाही. १९८३ पर्यंत समानव उड्डाणं मुख्यतः गागारिनच्या तळावरून व्हायची. २६ सप्टेंबर १९८३ ला तिथे व्लादिमिर तितोव्ह आणि गेन्नादी स्ट्रेकालोव्ह यानात बसलेले असताना, उड्डाणाला दीडेक मिनिट बाकी असताना, रॉकेटच्या बुडाशी आग लागली. आगीने केबल जळाल्या, त्यामुळे बचावाचा आदेश तारेने जाईना. तो रेडिओवरून, दोन माणसांनी मिळून द्यावा लागला. नाकावरच्या बचाव रॉकेटने दोघांना यानासकट ओढून काढलं आणि काही सेकंदांत खालचं रॉकेट फुटलं. माणसं वाचली, तळ जळाला. म्हणून पुढची उड्डाणं ३१ वर आली. ३ एप्रिल १९८४ ला राकेश शर्मा सोयुझ टी-११ मधून साल्युत-७ स्थानकाकडे निघाले ते इथूनच. त्यांच्या शेजारी बसलेला फ्लाइट इंजिनिअर कोण, तर तोच स्ट्रेकालोव्ह, ज्याने सहा महिन्यांपूर्वी पायाखालचं रॉकेट जळताना अनुभवलं होतं. त्या पोलादी हातांकडे बघत हे मी बायकोला सांगितलं, तर ती म्हणाली, "आणि तो परत बसला?" बसला. एवढा भरवसा एखाद्या यंत्रणेवर माणूस उगाच टाकत नाही.

मधले दिवस परंपरांचे. पुजारी येऊन रॉकेटवर तीर्थ शिंपडतो. अंतराळवीर आपल्या नावाचं झाड लावतात, हॉटेलातल्या खोलीच्या दारावर सही करतात, आदल्या रात्री ठरलेला एक जुना सोव्हिएत चित्रपट बघतात. तळाकडे जाताना वाटेत बस थांबते आणि पुरुष अंतराळवीर मागच्या उजव्या चाकाशी लघुशंका करतात, कारण गागारिनने केली होती. ऐकताना आपल्याला वेगळं वाटतं. पण शुभकार्याला निघताना हातावर दही ठेवणाऱ्या समाजात वाढलेल्या माणसाला त्यात परकं काही नाही.

२१ मार्च म्हणजे नौरिझ, कझाकांचं नवं वर्ष. सकाळी तोरेतमच्या वस्तीत लोक एकमेकांच्या घरी जात होते. एका आजींनी आम्हाला अंगणातून हाक मारली आणि वाडग्यातून नौरिझ-कोझे दिलं. सात जिनसा घालून केलेलं आंबटसर, दुधाळ पेय, त्यात धान्य आणि मांसाचे तुकडे. आम्ही मांस खात नाही, हे बायकोने हातवारे करून सांगितलं. आजींनी वाडगा काढून घेतला आणि तळलेल्या पिठाचे गोळे आणून तिच्या दोन्ही ओंजळी भरल्या. नंतर आकाशाकडे बोट दाखवून काहीतरी म्हणाल्या. आजच्या उड्डाणाबद्दलच असावं.

दुपारी पोशाखांच्या इमारतीबाहेर दोरीमागे उभे राहिलो. आत तिघांच्या पांढऱ्या सोकोल पोशाखात दाब भरून गळती तपासतात. पोशाख यानात बसल्या स्थितीसाठीच शिवलेला असतो, त्यामुळे उभं राहिल्यावर माणूस पुढे वाकलेला दिसतो. तिघं तसेच वाकत बाहेर आले, जमिनीवर आखलेल्या खुणांवर उभे राहिले. नोवित्स्कीने राज्य आयोगाला तयार असल्याचा अहवाल दिला, दोन-तीन वाक्यांत. वासिलेवस्काया हसत होती. डायसनने गर्दीकडे बघून हात हलवला. मग बस. उड्डाणाच्या अडीच तास आधी ते यानात बसतात आणि तेवढा वेळ तपासण्यांत जातो.

आम्हाला दोनेक किलोमीटरवर उभं केलं होतं. रॉकेटच्या अंगातून पांढरी वाफ निघत होती. द्रव प्राणवायू सतत उकळून उडतो आणि वरून भरत राहतात. रशियन पद्धतीत दहा, नऊ, आठ अशी उलटी मोजणी नसते. लाउडस्पीकरवर आदेशांची नावं येतात, एकेक पायरी पार पडल्याची. रॉकेटला भिडून उभे असलेले टॉवर खाली झोपले. मग किल्ली फिरवल्याचा आदेश. नळ्यांतून वायू सोडून झाल्याचा. झडपा बंद, आणि वाफ थांबली. टाक्यांत दाब. शेवटच्या मिनिटाला जमिनीवरचा वीजपुरवठा सुटतो आणि रॉकेट आपल्या बॅटरीवर येतं. वरचा केबलचा खांब बाजूला झाला. मी बायकोचं मनगट घट्ट धरलं होतं.

आणि काहीच झालं नाही.

प्रकाश नाही, आवाज नाही. लाउडस्पीकरवर कुणीतरी वेगळ्याच सुरात बोललं. आमच्या शेजारचा रशियन गृहस्थ दुर्बीण खाली करून मान हलवू लागला. "अहो, थांबलं का हो?" बायको म्हणाली. थांबलं होतं. वीस सेकंद बाकी असताना, नेमका इंजिनं पेटवायचा आदेश निघायच्या वेळी, स्वयंचलित यंत्रणेने सगळं रोखलं होतं. थोड्या वेळाने टॉवर पुन्हा वर येऊन रॉकेटला भिडले. तिघांना सुखरूप बाहेर काढल्याचं कळेपर्यंत आमच्यातलं कुणी बसकडे वळलं नाही.

कारण लवकरच कळलं. रोस्कॉसमॉसचे तेव्हाचे प्रमुख युरी बोरिसोव्ह यांनी सांगितलं, रासायनिक विद्युतस्रोताचा व्होल्टेज उतरला. म्हणजे आपल्या भाषेत बॅटरी.

आमच्या गटात बरेच जण हिरमुसले. कुणी म्हणालं, एवढं मोठं रॉकेट आणि बॅटरीपायी अडलं! मला ते पटलं नाही, आणि मी मोडक्यातोडक्या इंग्रजीत सगळ्यांना सांगितलं. सबस्टेशनात लाखो व्होल्टचा खेळ चालतो, पण तो सांभाळतो कोण, तर कोपऱ्यातल्या खोलीतली डीसी बॅटरी. लाइनवर दोष आला, रिलेने ओळखला, पण ब्रेकर उघडणारी ट्रिप कॉइल ओढायला बॅटरीत दम नसेल तर ते सगळं असून नसल्यासारखं. म्हणून बॅटरी बँकेचा प्रत्येक सेल तपासावा लागतो आणि एक जरी खाली असला तरी मी सही केलेली नाही. वर जाणाऱ्या रॉकेटमध्ये दिशा सांभाळणारी, टप्पे सोडणारी, बिघाड ओळखून बचावाचा आदेश देणारी सगळी यंत्रणा त्याच बॅटरीवर असते. तिथे व्होल्टेज कमी दिसत असताना पेटवणं हा गुन्हा झाला असता.

ऑक्टोबर २०१८ मध्ये याच बैकोनूरहून निघालेल्या सोयुझ एमएस-१० ची गोष्ट मला आठवत होती. बूस्टर सुटतानाचा एक संवेदक जोडणीत वाकला होता. तो वाकडा राहिला म्हणून एक बूस्टर नीट सुटला नाही आणि मधल्या भागावर आदळला. आतले अलेक्सेई ओव्हचिनिन आणि निक हेग बचाव यंत्रणेमुळे सुखरूप उतरले, आणि पुढच्याच मार्चमध्ये दोघं पुन्हा गेले. तिथेही शेवटी सगळ्यांना वाचवलं ते वेळेवर निघालेल्या एका आदेशाने. त्या रात्री हॉटेलात मला फार समाधानाची झोप लागली. मी जे बघायला आलो होतो ते नीट बघितलं होतं.

दोन दिवस मिळाले. गागारिन आणि सोव्हिएत रॉकेटांचा मुख्य रचनाकार कोरोलेव्ह यांची लाकडी घरं पाहिली, अगदी शेजारीशेजारी, अगदी साधी. १९६१ मध्ये गागारिनच्या उड्डाणाच्या आदल्या रात्री कोरोलेव्ह झोपू शकला नव्हता म्हणतात, आणि त्या खोल्यांत उभं राहिल्यावर ते खरं वाटतं.

२३ तारखेला पुन्हा तीच जागा, तीच वाफ, तेच आदेश. वेळ पाच छत्तीस. शेवटच्या मिनिटाला आमच्या बाजूला कुणी बोलत नव्हतं. केबलचा खांब सरकला. वीस सेकंदांची खूण गेली, हे मी घड्याळात बघितलं, आणि त्याच क्षणी बुडाशी पिवळा उजेड फुटला. खड्ड्यातून धुराचे लोट दोन्हीकडे उसळले, पण रॉकेट जागेवरच. इंजिनं जोर धरत होती. मग चारही हात एकदम मागे पडले आणि ते वर निघालं. सुरुवातीला सगळं मूक. पाच-सहा सेकंदांनी आवाज आला, आणि तो कानाला ऐकू येण्याआधी छातीला लागला. बायको मोठ्याने "जा, जा!" असं ओरडत होती. मीही ओरडत होतो.

दोन मिनिटं व्हायला आली तेव्हा चार बूस्टर सुटले. दुर्बिणीतून चार ठिपके चारी दिशांना गरगरत जाताना दिसले. याला कोरोलेव्हचा क्रॉस म्हणतात. एमएस-१० चं जे बिघडलं ते नेमकं याच क्षणी, म्हणून मी श्वास रोखून होतो. मधला ठिपका सरळ पुढे गेला. मग तो दिसेनासा झाला तरी लाउडस्पीकर चालूच होता. जवळजवळ नऊ मिनिटांनी तिसरा टप्पा बंद झाला, यान सुटलं, कक्षेत पोचलं. आमच्या शेजारचा तो गृहस्थ पहिल्यांदा हसला आणि त्याने माझ्या पाठीवर थाप मारली.

सव्वातीन तासांची जोडणी मात्र आता शक्य नव्हती. त्यासाठी उड्डाणाच्या वेळी स्थानक कक्षेत ठरावीक जागी असावं लागतं, आणि दोन दिवसांत ते गणित बदललं होतं. म्हणून तिघं जुन्या दोन दिवसांच्या वाटेने, पृथ्वीला चौतीस फेऱ्या मारत गेले. एवढ्याशा यानात दोन दिवस! वासिलेवस्कायाची पहिलीच खेप. मला तिची काळजी वाटत होती.

२५ तारखेला आम्ही अल्माटीत होतो. रात्री आठच्या सुमारास यान प्रिचाल या रशियन कप्प्याला जोडलं गेलं. आम्ही ते हॉटेलच्या खोलीत फोनवर बघितलं. जोडणी झाली म्हणजे लगेच दार उघडत नाही. पुन्हा गळतीची तपासणी, पुन्हा दाब सारखा करणं, आणि मग दारं उघडून तिघं आत तरंगत गेले. नोवित्स्की आणि वासिलेवस्काया एप्रिलच्या ६ तारखेला, आधीपासून स्थानकावर असलेल्या लोरल ओहारासोबत दुसऱ्या सोयुझने उतरले. डायसन सप्टेंबरपर्यंत वर राहिली.

कुणी जाणार असाल तर एकच सांगतो. परतीचं तिकीट उड्डाणाच्या दुसऱ्या दिवसाचं काढू नका. आमच्या गटातल्या दोघांनी काढलं होतं. त्यांना २२ तारखेला निघावं लागलं, आणि २३ तारखेचं उड्डाण त्यांनी कुठल्याशा विमानतळावर बसून पाहिलं. हातात तीन-चार दिवस मोकळे ठेवा, जाड मोजे घ्या, आणि दुर्बीण विसरू नका.